दिवा वाढू नये म्हणून

आमच्या घरी नवरात्रात देव बसतात, आणि देव बसले की आम्हीही बसतो. देवांना विड्याच्या पानांवर बसवायचं, नऊ दिवस हलवायचं नाही, आंघोळ घालायची नाही. आम्हाला आंघोळ करता येते, एवढाच काय तो फरक. घट बसल्यावर घराला कुलूप लावायचं नाही, गावची शीव ओलांडायची नाही आणि घटाशेजारचा दिवा दसऱ्यापर्यंत तेवत ठेवायचा, हे माझ्या सासूबाईंचे नियम. त्यांना मी आत्या म्हणते. आमच्या भागात सासूला आत्याच म्हणतात, त्यासाठी ती बापाची बहीण असावी लागत नाही.

गावाकडं शीव कुठं आहे हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. साताऱ्यात ती कुठं धरायची? आत्यांनी पहिल्याच वर्षी निकाल दिला होता की हायवे ही शीव. माझी शाळा नेमकी हायवेच्या पलीकडं. मग त्यांनी थोडा विचार केला आणि शाळा शिवेच्या आत घेतली, नाहीतर मला नोकरी सोडावी लागली असती. देवीला एवढं चालतं, म्हणाल्या.

आमचं घर तिसऱ्या मजल्यावर. मध्ये हॉल, एका अंगाला स्वयंपाकघर, दुसऱ्या अंगाला झोपायची खोली. देव्हारा हॉलमध्ये, कारण दुसरीकडं जागाच नाही. दिव्याला वारा लागू नये म्हणून नवरात्रभर हॉलचा पंखा बंद, खिडक्या बंद, गॅलरीचं दार बंद. बाहेर ऑक्टोबरचं ऊन आणि आत तेल, उदबत्ती, ओली माती यांचा मिळून एक वास. कपडे अंगाला चिकटतात, डोकं चढतं, आणि माणूस पाहुण्यासारखा दारात उभा राहून जिन्यातली हवा खातो. दरवर्षी या दिवसांत मी चिडलेली असते आणि दरवर्षी गप्प बसते.

गप्प बसायचं कारण सांगून टाकते. माझा नवरा फौजेत आहे, सीमेकडं. आमच्या दिव्याचा आणि त्याच्या जिवाचा काडीचा संबंध नाही हे मला पक्कं माहीत आहे. पण ते तपासून बघायची हिंमत कधी झाली नाही.

नवरात्रात आत्यांची भाषासुद्धा सोवळ्यात असायची. संपलं, विझलं, तुटलं, फुटलं हे शब्द घटासमोर काढायचे नाहीत. त्या सगळ्यांच्या जागी एकच शब्द, वाढलं. नारळ वाढवतात, बांगडी वाढते, हे सगळ्याच घरांत बोलतात. आत्यांनी ते पार टोकाला नेलं होतं. तेल वाढलं म्हणजे बाटली रिकामी झाली. गॅस वाढला म्हणजे सिलिंडर बदला. एकदा मी चेष्टेनं म्हटलं, "आत्या, मोबाइलचं चार्जिंग वाढलं." त्यांनी हसता न हसता चार्जर काढून दिला. पहिल्या माळेपासून आमचे कान त्या शब्दाला असे काही जुळायचे की दसऱ्यानंतर दुकानदार भाव वाढलाय म्हणाला, तरी क्षणभर मला तो उतरला असंच वाटायचं.

गेल्या नवरात्रात मला घरी बसायला आणखी एक निमित्त मिळालं. मी शाळेत चित्रकला शिकवते. प्रार्थनेच्या हॉलची भिंत रंगवायची होती. मुख्याध्यापक म्हणाले, "सगळ्या धर्मांची चिन्हं काढा, पण बसस्टँडवर असतात तसली नकोत. प्रत्येकानं जग कसं निर्माण झालं असं मानलंय, ते काढा." परीक्षा चालू होत्या, चित्रकलेचे तास नव्हते. हार्डबोर्डचे चौकोन घरी न्या आणि निवांत करा, असं त्यांनी वर सांगितलं. निवांत! त्यांच्या घरी घट बसत नसावा.

मी चौकोन हॉलमध्ये भिंतीला टेकवून ठेवले आणि माणसं गोळा करून विचारायला लागले. खालच्या मजल्यावरच्या काकू जैन, सांगलीकडच्या. त्या म्हणाल्या, "आमच्यात जग कुणी केलंच न्हाई. कवा झालं बी न्हाई. हायच ते पहिल्यापास्नं."

"मग मी काढू काय?"

"माणूस काढ. पाय फाकून, कमरेवर हात ठिवून हुबा. तसला आकार हाय जगाचा."

घटाला माळ बांधता बांधता आत्यांनी वळून पाहिलं. "कमरेवर हात? आवं, ह्यो तर आमचा इठोबाच की."

"इठोबा न्हवं ओ. लोकपुरुष म्हणत्यात त्याला."

"इटंवर हुबा न्हाई?"

"न्हाई."

"मग पडंल की वं त्यो," आत्या म्हणाल्या आणि माळेची गाठ पक्की केली. काकूंना ते लागलं असावं, पण चहा मात्र पिऊन गेल्या.

शाळेत गणित शिकवणारी माझी एक मैत्रीण आहे, मुसलमान. तिचं माहेर मिरजेचं, वडील तंबोरे करायचे. तिला मी फोनवर विचारलं, "चंद्रकोर आणि तारा काढला तर चालेल ना?"

"चंद्र काय आमचा देव आहे का गं? तारीख कळायला असतो तो."

"मग?"

"काहीच काढू नकोस. कोरा ठेव."

मुख्याध्यापक म्हणाले की कोरा ठेवला तर लोक म्हणतील विसरले. शेवटी तिलाच आठवलं. देवानं सगळ्यांत आधी कलम, म्हणजे लेखणी, निर्माण केली आणि तिला लिहायला सांगितलं, असं तिचे अब्बा म्हणायचे. मी बोरू काढला. ख्रिस्ती चौकोनात काळोख, काळोखाखाली पाणी आणि मधून उजेडाची एक फट. आपल्या चौकोनात आधी मी सोन्याचं अंडं काढलं होतं, पाण्यावर तरंगणारं. ते बघून आत्या म्हणाल्या, "अंडं कशाला? नवरात्रात अंडं? ह्ये काढ." आणि त्यांनी घटाकडं बोट केलं.

टोपलीत शेतातली काळी माती, मातीत पेरलेलं धान्य, मधोमध पाणी भरलेला कच्च्या मातीचा घट. घटातून पाणी झिरपतं आणि भोवतीचं धान्य उगवतं. बंद खोलीत उगवतं म्हणून कोंब हिरवे नसतात, पिवळे असतात. मी कौतुकानं विचारलं, "आत्या, घट म्हणजे काय हो?"

"बाईचं प्वॉट," त्या सरळ म्हणाल्या. "आत पाणी, भवतीनं माती, वर उजेड. दुसरं काय असतंय जगात?"

मला हे इतकं आवडलं की अंड्यावर पांढरा रंग मारून मी तिथं घट काढायला घेतला. पण सगळे चौकोन ओळीनं बघताना एक गोष्ट मला खटकायला लागली. अंडं बंद, घट बंद, काळोखही चहूबाजूंनी बंद. काकूंचं जग तर कधी उघडलंच नव्हतं, त्यामुळे त्याला दार असायचा प्रश्न नव्हता. पंखा बंद करून घामाघूम बसलेल्या बाईला सगळ्या धर्मांत कोंडलेली खोलीच दिसणार, हेही खरं.

तिसऱ्या माळेला मिरजेहून फोन आला. आत्यांच्या धाकट्या भावाला तिथल्या दवाखान्यात ठेवलं होतं, फुप्फुसात पाणी झालं होतं. हा भाऊ म्हणजे आत्यांचा पहिला मुलगाच. आई लवकर गेली, तेव्हा आत्यांनी त्याला काखेत घेऊन पाणी भरलं, भांडी घासली, आणि लग्न होऊन निघाल्या तेव्हा तो बैलगाडीमागं रडत पळाला होता. हे मी इतक्या वेळा ऐकलं होतं की मला त्या गाडीचे बैलसुद्धा ओळखीचे झाले होते. फोन त्याच्या मुलाचा होता, पण बोलायला भाऊच आला. आत्या फोन नेहमी स्पीकरवर ठेवतात, त्यामुळे मलाही ऐकू आलं.

"आक्का, ये की गं."

"दसरा झाला की आलेच बग. घट बसल्यात न्हवं का."

"दसरा लांब हाय. ये की. तुला एक सांगायचंय."

"मग सांग की."

"फोनवर न्हाई. हितं ये, मग सांगतो."

फोन ठेवल्यावर आत्या बराच वेळ घटासमोर बसून राहिल्या. मी म्हटलं, "आत्या, तुम्ही जा. दिवा मी बघते. तेल घालायचं, काजळी काढायची, माळ बांधायची, सगळं येतं मला." जेवताना त्यांचा हात दोनदा थांबला. शेवटी ताट उचलताना त्या म्हणाल्या, "भावासाठी शीव वलांडली तर देवी समजून घील. दिवा सोडून गेले तर न्हाई घ्यायची. तू हाईस ना दिव्याला?"

"आहे की."

"मग सकाळच्या गाडीनं जाते. बगून येते."

मला एवढा आनंद झाला की मी त्यांची पिशवी भरायला घेतली. चांगलं लुगडं, चष्मा, औषधं, भावाला आवडतात म्हणून शेंगदाण्याचे लाडू. आमच्या लग्नानंतर आत्यांनी नवरात्रात शीव ओलांडायची ठरवलेली मी पहिल्यांदाच बघत होते.

आणि चौथ्या माळेला सकाळी उठले तर मला कावळा शिवलेला. वर्षभर पाळी कशीही येत होती, कधी दोन महिन्यांनी, कधी पंधरा दिवसांनी, आणि तिला मुहूर्त हा सापडला. मी खोलीच्या दारात आले. आत्या लुगडं नेसून, पिशवी हातात घेऊन चपला शोधत होत्या. मी सांगितलं. त्यांनी माझ्याकडं बघितलं, मग दिव्याकडं, आणि पिशवी खुर्चीवर ठेवली. मला एका शब्दानं बोलल्या नाहीत. बोलल्या असत्या तर बरं झालं असतं.

आमच्या घरात पाळीच्या चार दिवसांत घटाच्या जवळ जायचं नाही. आणि घट हॉलमध्ये. म्हणजे मला हॉल ओलांडता येईना, म्हणजे स्वयंपाकघरात जाता येईना, दारातही जाता येईना. आत्या ताट उंबऱ्याशी ठेवायच्या. माझे हार्डबोर्डचे चौकोन त्यांनीच एकेक करून आत सरकवले. मी पलंगावर बसून घटाचं चित्र रंगवत होते, आणि हॉलमध्ये खरा घट होता ज्याच्यावर माझी सावलीही पडायला नको होती. बाईचं पोट म्हणून त्याची पूजा करायची, आणि त्याच पोटाचं काम सुरू झालं की बाईला खोलीत घालायचं! मला त्या दिवशी एवढा राग आला की ब्रश दाबून त्याचे केस वाकडे केले. वर्गात मुलींना समानतेवर पोस्टर काढायला लावणारी बाई मी, आणि उंबऱ्यावरचं ताट मुकाट्यानं उचलत होते.

दुसरं कुणी दिव्याला बसेल का, हे आम्ही बघितलंच. इमारतीतली बाकीची घरं आपापल्या गावी आपापल्या घटाला गेली होती. राहिल्या काकू. आत्यांनी स्वतः खाली जाऊन विचारलं, म्हणजे त्यांची गरज किती होती ते कळेल. काकू वर आल्या, दारातून दिव्याकडं बघितलं आणि मान हलवली.

"मी सांज झाली की चूल बी पेटवत न्हाई. उघड्या दिव्यात चिलटं पडत्यात, पाखरं पडत्यात. त्यात तेल घालायचं म्हंजी माझ्या हातानं जीव मारल्यागत हुतंय. दुसरं काय बी सांगा. तुमच्याबरं मिरजंला येते, पण ह्ये न्हाई व्हायचं."

आत्यांना राग आला नाही. उलट त्या म्हणाल्या, "बरोबर हाय तुमचं." नेम पाळणाऱ्या माणसाला नेम पाळणारं माणूस लगेच कळतं. मला मात्र दोघींचाही राग आला. एकीला दिवा सोडला तर पाप, दुसरीला लावला तर पाप, आणि मिरजेला एक माणूस दाराकडं डोळे लावून पडला होता.

पाचव्या माळेला भावाचा आवाज फोनवर तुटक यायला लागला. दोन शब्द, मग खोकला, मग मुलगाच बोलायचा. आत्या तेल घालायच्या, काजळी काढायच्या, फोन हातात घेऊन बसायच्या. मी खोलीतून म्हणाले, "आत्या, जा तुम्ही. मी लांबून पळीनं तेल घालीन." त्यांनी वात पुढं सारली. मग म्हणाल्या, "तुझा नवरा कुठं हाय ते ठावं हाय ना?" त्या एका वाक्यानं त्या मला दरवर्षी गप्प करायच्या, आणि मला वाटतं स्वतःलाही.

सहाव्या माळेला दुपारी पुन्हा फोन वाजला. रेंज नव्हती, आवाज तुटत होता. भाचा बोलत होता. मला खोलीत अर्धवट ऐकू आलं. "आत्या… आण्णांचा… ऑक्सिजन वाढवलाय."

"काय?"

"वाढवलाय… आत्ताच… डॉक्टर म्हणत्यात…" आणि फोन कट.

मी दारात येऊन बघितलं. आत्या घटासमोरून उठल्या होत्या. पाटावरून मागं मागं सरकत त्या बाहेरच्या दारापाशी गेल्या आणि नुसत्या फरशीवर बसल्या. "वाढवला म्हणं," त्या म्हणाल्या. "वाढवला माझा भाऊ." आणि तोंडाला पदर लावून रडायला लागल्या, आवाज न करता, कारण घटासमोर रडायचंही नसतं.

मलाही तसंच वाटलं. सहा दिवस ज्या घरात तेल वाढत होतं आणि गॅस वाढत होता, त्या घरात ऑक्सिजन वाढवला याचा दुसरा अर्थ माझ्याही कानाला सुचला नाही.

आत्या उठेनात. दिव्यात तेल घालायची वेळ झाली होती, वात खाली जायला लागली होती. मी म्हटलं, "आत्या, तेल."

"मला सुतक आलं आता. मी कसा हात लावू?"

त्या दाराशी, मी खोलीच्या उंबऱ्यावर, आणि मध्ये तो दिवा. तेलाची वाटी त्याच्या शेजारीच, पळीसकट. दोघींपैकी कुणाचाही हात चालत नव्हता. हसावं की रडावं हे मला कळेना. इतके दिवस आम्ही त्या दिव्यापायी अडकलो होतो, आणि आता तो आमच्यादेखत वाढणार होता, कारण आम्ही दोघी तो वाढू नये म्हणूनच लांब उभ्या होतो.

"असू दे," आत्या म्हणाल्या. "आता त्यो आपला न्हाई. मला फकस्त भावाचं त्वांड बगू दे. कवा न्यायचं ते इचार."

मी आत जाऊन भाच्याला फोन लावला. या वेळी लागला. जड आवाजात विचारलं, "कधी नेणार?"

"कुठं नेणार, वैनी? डॉक्टर तर हलवू नका म्हणत्यात."

"म्हणजे?"

"आण्णा हायत की. ऑक्सिजन वाढवलाय, मोठा मास्क लावलाय. कालपर्यंत बोलत हुते, आता बोलता येत न्हाई, पर डोळं उघडं हायत. डॉक्टर म्हणत्यात, कुणाला भेटायचं असंल तर आजच या."

हॉलमध्ये आत्या भाऊ गेला म्हणून रडत होत्या, आणि भाऊ मिरजेत डोळे उघडे ठेवून पडला होता. बाहेर जाऊन "आहेत ते, आहेत" म्हणायला मी एक पाऊल टाकलंसुद्धा. आणि मग मला पुढचं सगळं दिसलं. सुतक नाही म्हटल्यावर आत्या डोळे पुसतील, देवीच्या पाया पडतील, दिव्यात तेल घालतील आणि पुन्हा पाटावर जाऊन बसतील. माझे चार दिवस संपेपर्यंत हलणार नाहीत. भाऊ मेला असं वाटलं तरच त्या मोकळ्या होत्या. जिवंत भावाकडं जायला त्यांना वाट नव्हती.

मी भाच्याला म्हटलं, "आत्या येतायत. त्या आल्यावर जे काय बोलतील ते ऐकून घे." मग मैत्रिणीला फोन केला. शाळा सुटली की ती नवऱ्याबरोबर गाडीनं माहेरीच निघणार होती, हे मला माहीत होतं. तिला मी सगळं खरं सांगितलं. तिनं विचारलं,

"मग मी गाडीत त्यांच्याशी काय बोलू?"

"काही बोलू नकोस."

"मिरजेपर्यंत?"

"मिरजेपर्यंत."

आत्या त्याच लुगड्यावर निघाल्या. चौथ्या माळेला भरलेली पिशवी खुर्चीवर तशीच होती, ती न्या म्हणणार होते, पण लाडू आहेत हे आठवलं आणि प्रेताला जाणाऱ्या बाईच्या हातात लाडू कसे द्यायचे म्हणून थांबले. मग वाटलं, द्यावेतच. आत्यांना न्यायला मैत्रीण वर आली, तेव्हा खोलीच्या दारातूनच तिला पिशवी उचलायची खूण केली. आत्यांनी जाताना दिव्याकडं वळून बघितलं नाही.

दार लागलं. मी हॉलमध्ये आले, पाटावर बसले, पळी घेतली आणि दिव्यात तेल घातलं. वात आधी तडतडली, मग सरळ झाली. मी देवीला उद्देशून काहीबाही बोलले, त्यात थोडी विनवणी होती आणि बरीचशी दमदाटी. मग उठून गॅलरीचं दार बोटभर उघडलं. ज्योत हलली, पण राहिली. नवऱ्याचा फोन दुसऱ्या दिवशी आला. मेसमध्ये रोज तीच भाजी असते म्हणून त्यानं बराच वेळ तक्रार केली आणि मी ती सगळी मन लावून ऐकली.

मिरजेत काय झालं ते भाच्यानं नंतर सांगितलं. आत्या वॉर्डात रडतच शिरल्या, तोंडाला पदर लावून. पलंगावर भावाचे डोळे उघडे. त्या जागच्या जागी थिजल्या. मग वळून भाच्याला म्हणाल्या, "मुडद्या, वाढवला म्हणालास की रं!"

"व्हय आत्या. वाढवलाच हाय की. बघा की ह्यो मीटर."

शेजारच्या पलंगावरची माणसं हसली म्हणे. आत्या हसल्या नाहीत, पण रडायच्या थांबल्या. भावाशेजारी बसल्या आणि त्याचा हात धरला. त्यानं हात दाबला. मास्कच्या आत त्याचे ओठ हलायला लागले. आत्यांनी मास्कला कान लावला. नुसती हवा येत होती. "आलीया मी, सांग की," असं त्या पुन्हा पुन्हा म्हणत राहिल्या. नर्सनं दोनदा बाजूला केलं, दोनदा त्या परत जाऊन वाकल्या. लिहायला पाटी दिली तर त्याला बोटं धरवेनात. दसऱ्याच्या आदल्या दिवशी तो गेला. शेवटपर्यंत त्याचा हात आत्यांच्या हातात होता, आणि सांगायचं ते राहून गेलं.

दसऱ्याला घट मी एकटीनं उठवला. चौकोन भिंतीवर लागले. मुख्याध्यापकांना बोरू आवडला, लोकपुरुषाला तेही विठोबाच समजले.

दिवस करून आत्या परत आल्या, तेव्हा बारीक झाल्या होत्या. या सगळ्या काळात त्या माझ्याशी फोनवर बोलल्या नव्हत्या. मी चहा ठेवला. शिव्या ऐकायची तयारी केली होती, काय उत्तर द्यायचं तेही ठरवलं होतं. पंखा चालू होता. त्या देव्हाऱ्यासमोर खुर्ची ओढून बसल्या.

"दिवा ऱ्हायला का?"

"राहिला. दसऱ्यापर्यंत राहिला."

"त्याल कुणी घातलं?"

"मीच."

त्यांनी मान डोलावली, जणू भाजी कुणी आणली एवढंच विचारलं होतं. चहाची कपबशी हातात घेतली, बशीत ओतला, पण प्यायल्या नाहीत.

"मी घरातनं निगाले तवा त्यो जित्ता हाय, ह्ये तुला ठावं हुतं?"

"हो."

"सांगितलं न्हाईस."

"सांगितलं असतं तर तुम्ही गेला नसता."

"न्हाईच गेले असते," आत्या म्हणाल्या. बशी त्यांनी खाली ठेवली आणि पहिल्यांदा माझ्याकडं नीट बघितलं. रागावल्या नव्हत्या. राग असता तर मला सोसला असता.

"एवढं खोटं बोलाय येत हुतं तुला," त्या म्हणाल्या, "तर चवथ्या माळंला पाळीचं कशापायी खरं बोललीस गं? तवा बोलत हुता की माझा भाऊ."